दाणा भरतो कसा

छत्तीसगडमध्ये पोळ्याच्या दिवशी धानाच्या शेतात पाऊल टाकायचे नाही, असा जुना रिवाज आहे. त्या दिवशी अन्नमाता गर्भार राहते, धानात दूध भरू लागते, अशी इथल्या शेतकऱ्यांची श्रद्धा. तिला त्रास होऊ नये म्हणून कोणी बांधीकडे फिरकत नाही. घरी मातीचे बैल पूजायचे, मुलींच्या हाती मातीची छोटी जाती द्यायची, ठेठरी-खुरमी करायची. भिलाई-दुर्गमध्ये विदर्भातून येऊन स्थायिक झालेल्या मराठी घरांना पोळा नवा नाही, पण आपल्याकडे त्या दिवसाचा सगळा मान बैलाचा; इथे बैलाच्या जोडीने तो धानालाही मिळतो.

श्रद्धा म्हणून हा रिवाज सुंदर आहेच, निरीक्षण म्हणूनही तो पक्का आहे. पाटण किंवा धमध्याच्या बाजूला त्या सुमारास गेले, तर हलक्या जातींचे धान पोटरीत आलेले दिसते. मग ते निसवते, लोंबीतली फुले उघडतात, तास-दोन तासांत मिटतात. आठवडाभराने त्याच जागेवरचा कोवळा दाणा चिमटीत दाबला, की बोटांवर पांढरे दूध येते. पुढे ते दूध घट्ट होऊन त्याचा चीक होतो, चिकाचा तांदूळ होतो. महिन्याभरात दाणा पिवळा पडून कापणीला येतो.

हे दूध येते कुठून? आई-झाडाने ते नुसते ओतलेले असते, की गर्भाचाच तो एक भाग असतो? शेतकरी हजारो वर्षे दाणा भरताना पाहत आला होता. वनस्पतिशास्त्रज्ञही पन्नास-साठ वर्षे सूक्ष्मदर्शकाखाली बीजांडे चिरून पाहत होते. तरी या प्रश्नाचे खरे उत्तर १८९८ पर्यंत कोणाजवळही नव्हते. ते दिले सेर्गेई गाव्रिलोविच नवाशिन या रशियन वनस्पतिशास्त्रज्ञाने.

भिलाईला रशियन माणसांची ओळख करून द्यावी लागत नाही. २ फेब्रुवारी १९५५ रोजी भारत आणि सोव्हिएत संघ यांच्यात पोलाद कारखान्याचा करार झाला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांनी पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन केले. त्या मैत्रीच्या नावाने १९७२ मध्ये मैत्री बाग उभी राहिली. अभियंत्यांची आठवण या शहराने जपली, हे योग्यच झाले. पण पोलादाच्या या शहराला चहूबाजूंनी धानाने वेढले आहे. त्या धानाच्या दाण्याविषयीची सर्वांत मूलभूत गोष्ट जगाला सांगणारा माणूसही रशियनच होता. शाळेत मुले ‘द्विफलन’ पाठ करतात, आकृती काढतात, गुण मिळवतात. त्या आकृतीमागचा माणूस आणि त्याची नजर मात्र त्यांच्यापर्यंत पोचत नाही. मला ही उणीव फार मोठी वाटते. म्हणून या प्रकरणात एवढ्या एकाच शोधापाशी जरा रेंगाळू या.

नवाशिन यांचा जन्म १८५७ सालचा, व्होल्गा नदीच्या काठच्या सारातोव प्रांतातल्या त्सारेवश्चिना या गावातला. १८७४ मध्ये ते सेंट पीटर्सबर्गच्या वैद्यक-शल्य अकादमीत दाखल झाले, म्हणजे डॉक्टर व्हायलाच निघाले होते. तिथे त्यांना रसायनशास्त्र शिकवायला अलेक्झांडर बोरोदिन होते, ‘प्रिन्स इगोर’ हा ऑपेरा रचणारे तेच प्रसिद्ध संगीतकार. वैद्यकात मन रमेना, म्हणून चार वर्षांनी नवाशिन मॉस्को विद्यापीठात गेले आणि १८८१ मध्ये तिथून पदवीधर झाले. मॉस्कोत त्यांना क्लिमेंत तिमिर्याझेव भेटले. हिरवे पान सूर्यप्रकाशातून नेमके काय घेते याचा आयुष्यभर शोध घेणारे आणि व्याख्यानांनी तरुणांना भारून टाकणारे हे प्राध्यापक. रसायनशास्त्राकडे झुकलेल्या नवाशिन यांना वनस्पतींकडे वळवण्यात त्यांचा मोठा वाटा होता.

वनस्पतिशास्त्रात आल्यावरही त्यांचा पहिला विषय फलन नव्हता. ते बुरशींवर काम करत होते. बर्च या उत्तरेकडच्या झाडाच्या फळांवर पडणारी एक परोपजीवी बुरशी ते अभ्यासत होते. बुरशी फळात शिरते कधी आणि कशी, हे समजायला निरोगी फळ कसे धरते ते आधी माहीत हवे. म्हणून त्यांनी बर्चच्या फुलांचे पातळ छेद घेतले आणि तिथे एक विचित्र गोष्ट पाहिली.

परागकण फुलाच्या कुक्षीवर पडला, की त्यातून एक नळी निघते. ती खाली अंडाशयात उतरते आणि बीजांडाच्या तोंडाशी असलेल्या बारीक छिद्रातून आत शिरते. तेव्हाची सगळी पुस्तके असे सांगत होती. बर्चमध्ये मात्र नळी तोंडाकडे न जाता बीजांडाच्या बुडाकडून, पेशींच्या आतून वाट काढत होती. असे वागणारे एकच झाड त्याआधी ठाऊक होते. १८९१ मध्ये जावामधले डच शास्त्रज्ञ मेल्खिओर ट्रॉयब यांनी ते दाखवले होते. ते झाड आपल्या ओळखीचे आहे: कोकणच्या किनाऱ्यावर ज्याची बने आहेत, ते सुरूचे झाड. ट्रॉयब यांनी त्या एका लक्षणावरून सुरूला सगळ्या सपुष्प वनस्पतींपासून वेगळे काढायचा घाट घातला होता. नवाशिन यांनी हाच प्रकार बर्चमध्ये आणि पुढे एल्म, अक्रोड अशा झाडांतही दाखवला, तेव्हा सुरूचे ते वेगळेपण टिकले नाही.

मला हा टप्पा महत्त्वाचा वाटतो तो यासाठी, की इथे नवाशिन यांच्या कामाची रीत दिसते. पुस्तकात एक वाट लिहिली आहे म्हणून नळी त्याच वाटेने जात असेल, असे ते धरून चालले नाहीत. प्रत्येक वेळी ते स्वतः पाहायला गेले.

१८९४ मध्ये ते कीव्हच्या सेंट व्लादिमीर विद्यापीठात प्राध्यापक झाले आणि तिथल्या वनस्पती उद्यानाची सूत्रेही त्यांच्याकडे आली. आज कीव्ह युक्रेनची राजधानी आहे; तेव्हा ते रशियन साम्राज्यातले शहर होते. पुढची वीस वर्षे ते तिथेच राहिले आणि त्यांचे सर्वांत मोठे काम तिथेच झाले.

त्या कामाची थोरवी कळायला त्याआधी काय माहीत होते ते थोडक्यात पाहावे लागेल. परागनलिका पहिल्यांदा पाहिली ती इटलीच्या अमिची यांनी, १८२४ मध्ये. मग गर्भ नेमका नलिकेतून येतो की बीजांडातून, यावर बरीच वर्षे कडाक्याचा वाद झाला. १८८४ मध्ये जर्मनीत एदुआर्द श्ट्रासबुर्गर यांनी परागनलिकेतून आलेले नर केंद्रक बीजांडातल्या अंडपेशीच्या केंद्रकाशी एकरूप होताना दाखवले. वनस्पतींतही प्राण्यांसारखेच फलन होते, हे त्यामुळे पक्के झाले आणि प्रश्न सुटल्यासारखा वाटला.

एक बारीक गोष्ट मात्र शिल्लक होती. परागनलिका येताना एक नाही, दोन नर केंद्रके घेऊन येते. एक अंडपेशीशी एकरूप होते. दुसऱ्याचे काय होते? ते जादा असते, काम नसल्याने विरून जाते, असे सर्वसाधारण मत होते. बीजांडाच्या आत अंडपेशीखेरीज मध्यभागी एक मोठी पेशी असते, तीत दोन केंद्रके असतात. ती दोन्ही आपापसांत मिळतात आणि त्यांच्यापासून गर्भाला पोसणारा साठा तयार होतो, असेही ठरून गेले होते. या साठ्याला आपल्या पुस्तकांत भ्रूणपोष म्हणतात. सगळ्यांच्या हिशेबात भ्रूणपोष हा केवळ आईचा वाटा होता. तिने लेकराच्या प्रवासासाठी बांधून दिलेली शिदोरी म्हणा.

नवाशिन यांनी दोन फुले घेतली: मार्टागॉन लिली आणि तिच्याच कुळातली फ्रिटिलारिया टेनेला. लिलीच्या कुळातली केंद्रके ठसठशीत मोठी असतात, म्हणून त्या काळचे पेशीशास्त्रज्ञ या फुलांना पसंती देत. म्हणजे नवाशिन ज्या फुलाकडे वळले, ते कोणी न पाहिलेले फूल नव्हते. युरोपातल्या उत्तमोत्तम प्रयोगशाळांत त्याचे हजारो छेद घेतले गेले होते. काम असे असते: परागण झाल्यावर ठरावीक अंतराने बीजांडे काढायची, ती औषधात घालून आहे त्या स्थितीत थांबवायची, मेणात बसवून त्यांचे केसाहून पातळ छेद घ्यायचे, रंगवायचे, ओळीने काचपट्टीवर लावायचे. एकच बीजांड अनेक छेदांत विखुरलेले असते. पाहणाऱ्याने ते मनात पुन्हा जोडायचे असते. हव्या त्या क्षणाचे बीजांड हाती लागणे हा निम्मा धीराचा आणि निम्मा नशिबाचा भाग.

त्या छेदांत त्यांना दुसरे नर केंद्रक सापडले. ते विरत नव्हते. अळीसारखे वळलेले, लांबट असे ते केंद्रक मधल्या पेशीच्या केंद्रकांना जाऊन चिकटत होते आणि त्यांच्याशी एकजीव होत होते. एका परागनलिकेतून आलेल्या दोन नर केंद्रकांपैकी एक अंडपेशीला फलित करते, त्यातून गर्भ होतो. दुसरे मधल्या पेशीला फलित करते, त्यातून भ्रूणपोष होतो. एका फुलात, एका बीजांडात, एकाच वेळी दोन संयोग.

ऑगस्ट १८९८ मध्ये रशियन निसर्गशास्त्रज्ञ आणि वैद्य यांचे दहावे संमेलन कीव्हमध्येच भरले होते. तिथे नवाशिन यांनी हा शोध मांडला. त्याच वर्षी सेंट पीटर्सबर्गच्या विज्ञान अकादमीच्या पत्रिकेत त्यांचा छोटा जर्मन निबंध आला. त्याच्या शीर्षकातच त्यांनी हे काम म्हणजे या दोन फुलांतल्या फलनाची फेरतपासणी आहे, असे म्हटले आहे. नवा प्रांत पादाक्रांत केल्याचा आव त्यात नाही. सगळ्यांनी पाहिलेली गोष्ट आपण पुन्हा तपासली, इतकेच ते सांगतात. विज्ञानाच्या इतिहासात इतक्या मोठ्या शोधाला इतके साधे शीर्षक क्वचितच मिळाले असेल.

पुढच्या वर्षी, एप्रिल १८९९ मध्ये पॅरिसच्या लेओं गीन्यार यांनी लिलीच्याच कुळात स्वतंत्रपणे हीच गोष्ट प्रसिद्ध केली. आज दोघांचीही नावे घेतली जातात, पण पहिला मान नवाशिन यांचा, याबद्दल वाद नाही. त्याच वर्षी इंग्लंडमध्ये एथेल सार्जंट या बाईंनी मार्टागॉन लिलीच्या छेदांतून त्याला दुजोरा दिला. त्या कोणत्या विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत काम करत नव्हत्या; राहत्या घरच्या आवारातच त्यांनी आपली प्रयोगशाळा थाटली होती. नवाशिन यांनी स्वतः १९०० पर्यंत सूर्यफुलासारख्या अगदी वेगळ्या कुळातल्या वनस्पतींतही दुहेरी फलन दाखवले. लिलीचा हा अपवाद नव्हे, सगळ्या सपुष्प वनस्पतींचा हा नियम आहे, हे मग उघड होत गेले.

एक गंमतीची वाटावी अशी पण खरी गोष्ट इथे सांगायला हवी. ज्या लिलीत हा नियम सापडला, तिच्या बीजांडाची रचना नेहमीसारखी नसते. तिथे मधल्या पेशीत आईचा वाटा जास्तच असतो आणि भ्रूणपोषात गुणसूत्रांचे नेहमीचे तीन नाही, पाच संच येतात. हे उलगडायला १९२८ उजाडले. बांबाचोनी या इटालियन संशोधिकेने ते दाखवले. म्हणजे नवाशिन यांनी अपवादात्मक फुलात सर्वसाधारण नियम ओळखला.

आता पुन्हा धानाकडे येऊ. धानाचे फूल इवलेसे, दोन हिरव्या टरफलांत झाकलेले. सकाळी ऊन तापू लागले, की टरफले उघडतात, सहा पुंकेसर बाहेर लोंबतात. परागकण बाहेर पडल्यावर काही मिनिटेच जिवंत राहतो, म्हणून बहुतेक वेळा तो त्याच फुलाच्या कुक्षीवर पडून काम भागवतो. अर्ध्या-एक तासात परागनलिका बीजांडापर्यंत पोचते. काही तासांत दोन्ही संयोग पूर्ण होतात. अंडपेशीत आईचा एक आणि वडिलांचा एक असे गुणसूत्रांचे दोन संच येतात, बारा आणि बारा मिळून चोवीस. मधल्या पेशीत आईचे दोन आणि वडिलांचा एक असे तीन संच जमतात, एकूण छत्तीस.

आणि मग धावत सुटतो तो भ्रूणपोष. गर्भाच्या पहिल्या विभाजनाच्या आधीच त्याची विभाजने सुरू होतात. सुरुवातीचे दोन-तीन दिवस तर तो पेशींच्या भिंती बांधण्यातही वेळ घालवत नाही. नुसती केंद्रके दुप्पट होत जातात, एकाच पातळ द्रवात तरंगत राहतात. नंतर भिंती उभ्या राहतात, पानांत तयार झालेली साखर आत येते, तिचा स्टार्च होऊन कण साठू लागतात. चिमटीत दाबल्यावर येणारे दूध म्हणजे स्टार्चच्या कणांनी भरू लागलेला हा कोवळा भ्रूणपोष.

कोकणातल्या माणसाला हे समजायला सूक्ष्मदर्शकाचीही गरज नाही. शहाळ्यातले पाणी म्हणजे भ्रूणपोषाची ती पहिली, भिंती नसलेली, द्रवरूप अवस्था. मलई आणि पुढे खोबरे म्हणजे भिंती बांधून झालेला भ्रूणपोष. नारळाचा गर्भ कुठे असतो? तीन डोळ्यांपैकी एका डोळ्याखाली, खोबऱ्यात रुतलेला बोटाच्या पेराएवढासुद्धा नसलेला कोंब. एवढ्या कोंबासाठी एवढे खोबरे! शहाळ्याचे पाणी गर्भ वाढवायलाच बनलेले असते, याचा पुरावाही मिळाला आहे. १९४१ मध्ये अमेरिकेत व्हॅन ओव्हरबेक आणि सहकाऱ्यांनी धोतऱ्याचे अगदी कोवळे गर्भ बीजाबाहेर काढून काचपात्रात वाढवले, ते नारळाच्या द्रवाच्या आधाराने. ऊतिसंवर्धनाच्या प्रयोगशाळांत तेव्हापासून नारळपाणी मानाने आले.

भिलाईच्या आसपासच्या एखाद्या राइस मिलमध्ये धान कसे सडले जाते ते या माहितीनिशी पाहावे. सर्वांत बाहेरचे तूस हे फुलाच्या टरफलांचे, म्हणजे आई-झाडाचे. त्याखालची तांबूस पातळ साल हीही आईचीच. त्याच्या आतला पातळ थर मात्र भ्रूणपोषाचा, आणि मधला पांढरा गाभा संपूर्ण भ्रूणपोष. गर्भ म्हणजे दाण्याच्या एका टोकाला चिकटलेला लहानसा ठिपका; पॉलिश करताना तो कोंड्याबरोबर निघून जातो. सरकारी मिलिंगच्या हिशेबात एक क्विंटल धानामागे अरवा तांदूळ ६७ किलो आणि उसना तांदूळ ६८ किलो द्यावा लागतो. ते ६७ किलो म्हणजे जवळजवळ निव्वळ भ्रूणपोष. इथल्या घरातला बासी, फरा, चिला, अंगाकर भाकरी, भंडाऱ्याच्या घरातला चिन्नोरचा भात, सोलापूरची ज्वारीची भाकरी, खानदेशातली बाजरी, पंजाबचा गहू: सगळीकडे आपण खातो तो त्या दुसऱ्या संयोगातून आलेला पदार्थ. तुरीची, हरभऱ्याची डाळ तेवढी वेगळी. तिथे वाढणारा गर्भच भ्रूणपोष खाऊन टाकतो आणि अन्न आपल्या दोन दलांत साठवतो. डाळीचा दाणा हातात घेतला तर तो गर्भाचा भाग असतो, तांदळाचा दाणा घेतला तर भ्रूणपोषाचा.

म्हणजे दुसरे नर केंद्रक ‘जादा’ नव्हते. मानवजातीचे पोट ज्यावर चालते, तो साठा सुरू होतो तो त्याच्यामुळे.

या शोधाने एक जुने कोडे लगेच सुटले. पांढऱ्या दाण्याच्या मक्यावर जांभळ्या दाण्याच्या मक्याचे पराग पडले, तर त्याच हंगामात, त्याच पांढऱ्या जातीच्या कणसावर मध्येच जांभळे दाणे उमटतात. वडिलांचा गुण पुढच्या पिढीच्या रोपात दिसावा हे समजते. पण आईच्या कणसावर, ताबडतोब, दाण्याच्या रंगात तो कसा दिसतो? भ्रूणपोष निव्वळ आईचा असता तर हे शक्यच नव्हते. १८९९ मध्ये ह्युगो द व्रीस आणि कार्ल कॉरेन्स या दोघांनी वेगवेगळे हेच उत्तर दिले: दाण्याचा तो रंग भ्रूणपोषाचा आहे, आणि भ्रूणपोषाला वडीलही आहेत. पुढच्याच वर्षी या दोघांच्या हातून मेंडेलचे विसरलेले नियम पुन्हा उजेडात आले. आनुवंशशास्त्राचा दरवाजा उघडत होता, त्यात नवाशिन यांच्या लिलीचाही हात होता.

भ्रूणपोष हा गर्भाचा नातलग कोण लागतो, हा प्रश्न मात्र बरीच वर्षे रेंगाळला. आईबाप तेच, जन्माची वेळ तीच. मग त्याला गर्भाचे जुळे भावंड का म्हणू नये? श्ट्रासबुर्गर यांना हा दुसरा संयोग खरे फलन वाटत नव्हता, वाढीला चालना देणारी एक क्रिया वाटत होती. एथेल सार्जंट यांच्या मते भ्रूणपोष हा मुळात दुसरा गर्भच, ज्याची वाढ भलत्या वळणाला लागली. वाद निकाली काढायला पुरावा नव्हता. तो मिळण्याची शक्यता होती सपुष्प वनस्पतींच्या दूरच्या नातलगांत. १९९० मध्ये विल्यम फ्रीडमन यांनी एफेड्रा या फूल नसलेल्या झुडपात दुसऱ्या संयोगाचा नीट माग काढला. तिथेही दुसरे नर केंद्रक वाया जात नव्हते. त्याच्या संयोगातून आणखी एक गर्भ तयार होत होता. याचा अर्थ भ्रूणपोष नक्की जुळ्या गर्भातूनच उत्क्रांत झाला असे सिद्ध होत नाही, पण सार्जंट यांच्या म्हणण्याला बळ मिळाले, हे नक्की. मला स्वतःला ही कल्पना पटते. स्वतः कधीच रोप न होणारे आणि शेवटच्या कणापर्यंत भावंडाला पोसणारे असे हे जुळे असेल, तर निसर्गात याहून मोठे दान शोधावे लागेल.

नवाशिन यांचे उरलेले आयुष्य थोडक्यात. गुणसूत्रांच्या रूपाकडे त्यांचे लक्ष वळले. १९१२ मध्ये त्यांनी गाल्टोनिया या वनस्पतीच्या काही गुणसूत्रांच्या टोकाला धाग्याने जोडलेले बारीक मणी असतात, हे दाखवले. प्रत्येक जातीच्या गुणसूत्रांना ओळखता येईल असा चेहरा असतो, ही दृष्टी त्यांच्या कीव्हच्या शिष्यांनी, लेव दिलोने आणि ग्रिगोरी लेवित्स्की यांनी, पुढे शास्त्र म्हणून उभी केली. प्रकृतीमुळे नवाशिन दक्षिणेला तिबिलिसीत गेले, तिथल्या नव्या विद्यापीठात शिकवले. १९२३ मध्ये मॉस्कोत आले आणि आपल्या गुरूच्या, तिमिर्याझेव यांच्या नावाची जीवशास्त्र संस्था त्यांनी उभारली. डिसेंबर १९३० मध्ये लेनिनग्राडजवळ त्यांचे निधन झाले. पुढचे वाईट दिवस त्यांना पाहावे लागले नाहीत. आनुवंशशास्त्रच नाकारणाऱ्या लिसेंकोच्या काळात त्या शास्त्रावर घाला पडला. लेवित्स्की १९४१ मध्ये पकडले गेले आणि पुढच्या वर्षी तुरुंगात मरण पावले. त्यांचे थोर सहकारी निकोलाय वाविलोव, ज्यांनी जगभरची बियाणी जमवली, ते जानेवारी १९४३ मध्ये सारातोवच्या तुरुंगात मरण पावले. ज्या प्रांतात नवाशिन जन्मले, त्याच प्रांताच्या राजधानीत.

भारतात या परंपरेचे सोने केले ते पंचानन माहेश्वरी यांनी. वनस्पतींच्या गर्भविज्ञानावरचे त्यांचे १९५० मधले पुस्तक जगभर वापरले गेले. त्यांच्या दिल्लीच्या शाळेतल्या बृजमोहन जोहरी आणि भोजवानी यांनी १९६५ मध्ये नुसत्या भ्रूणपोषाच्या ऊतीपासून काचपात्रात कोंब फुटवून दाखवले. जे कधीच रोप होत नाही असे सगळे धरून चालले होते, त्यालाही रोप होण्याची ताकद आहे, हे त्यातून दिसले. आणि रायपुरात, भिलाईपासून तासाभराच्या अंतरावर, कृषी विद्यापीठाच्या संग्रहात धानाचे सुमारे २३ हजार नमुने आहेत. त्याचा पाया राधेलाल रिछारिया यांनी १९७० च्या दशकात गावोगाव फिरून घातला. दुबराज, विष्णुभोग, जवाफूल यांच्या चवीत, वासात, चिकटपणात जो फरक आहे, तो या दोन-वाटे-आईच्या, एक-वाटा-वडिलांच्या भ्रूणपोषातला फरक आहे.

इथल्या शिक्षकांना माझी एक विनंती आहे. द्विफलन शिकवताना फळ्यावरची आकृती पुरी झाली, की वर्गाला एकदा धानाच्या बांधावर न्यावे. पोळ्याचा दिवस सोडून, अर्थात. एकाच लोंबीवर वरच्या फुलांत दाणा दुधात असतो, खालच्या फुलांत अजून परागकण झडत असतात. नवाशिन यांनी महिनोन् महिने काचपट्ट्यांवर जो क्रम जुळवला, तो तिथे ओळीने मांडलेला मिळतो. एक भिंग पुरेल.

संशोधन अजून त्याच दोन संयोगांपाशी आहे. संकरित धानाचे बियाणे शेतकऱ्याला दरवर्षी विकत घ्यावे लागते, कारण पुढच्या पिढीत त्याचे गुण फुटतात. संयोगाशिवायच गर्भ तयार झाला, तर घरचे बियाणे वर्षानुवर्षे तसेच राहील. २०१८ मध्ये कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस शाखेत इम्तियाज खांडे आणि वेंकटेशन सुंदरेशन यांनी वडिलांकडून येणाऱ्या एका जनुकाला अंडपेशीतच काम करायला लावून धानात असा गर्भ मिळवला. २०२२ मध्ये हीच पद्धत संकरित धानात ९५ टक्क्यांहून अधिक बियांत यशस्वी झाल्याचे प्रसिद्ध झाले. त्या धानात पहिला संयोग टाळता आला आहे. दुसरा आला नाही. दाणा भरायला अजूनही मधल्या पेशीशी एकरूप होणारे ते नर केंद्रक लागते; त्याच्यावाचून लोंबीत उरते ते पोचट धान.